गोष्ट जिची, तिच्यापर्यंत

(सोलापुरात झालेल्या कार्यकर्त्यांच्या शिबिरात केलेल्या भाषणाचे संपादित रूप)



‘सुमित्रा भावे यांची पटकथा-लेखिका म्हणून वाटचाल’ असा विषय मला दिला गेला, तेव्हा मी आधी नाहीच म्हटलं. सिनेमाचं मला काय कळतं? मी बिडी कामगार बायकांच्या वस्त्यांमध्ये काम करते. कोर्टाच्या तारखा, रेशनकार्ड, दवाखाना, पोलीस चौकी यातच माझा दिवस जातो. सुमित्राताईंना मी कधी भेटलेलेही नाही. १९ एप्रिल २०२१ रोजी, वयाच्या ७८ व्या वर्षी त्या पुण्यात गेल्या. त्या वेळी कोरोनाची दुसरी लाट होती, वस्तीत रोज कुणी ना कुणी दगावत होतं, आणि ती बातमी वाचायलासुद्धा मला दोन दिवस उशीर झाला.

तरी शेवटी मी हो म्हटलं, कारण सुमित्राताई मुळात आपल्यातल्या होत्या. सिनेमात येण्याआधी त्या समाजकार्यात होत्या. पुणे विद्यापीठात त्यांनी राज्यशास्त्र आणि समाजशास्त्राचा अभ्यास केला, नंतर मुंबईच्या टाटा समाजविज्ञान संस्थेत शिकल्या, आणि पुण्याच्या कर्वे समाज सेवा संस्थेत जवळजवळ दहा वर्षं त्यांनी समाजकार्याच्या विद्यार्थ्यांना शिकवलं. म्हणजे तुम्हीआम्ही ज्या केस हिस्टऱ्या लिहितो, त्या कशा लिहायच्या हे शिकवणाऱ्या बाई. अशी बाई वयाच्या बेचाळिसाव्या वर्षी, कुठलंही तांत्रिक शिक्षण नसताना पहिला सिनेमा करते आणि पुढची पस्तीस वर्षं लिहितच राहते, ती का, हे मला समजून घ्यायचं होतं. हे कुतूहल मला का वाटलं, त्यामागे माझी स्वतःची एक चूक आहे. ती आधी सांगते.

काही वर्षांपूर्वी मी एका संस्थेत नोकरीला होते. दर सहा महिन्यांनी वरून निरोप यायचा, दोन ‘यशोगाथा’ पाठवा, फोटोसह. तुम्हा सगळ्यांनाच हा निरोप ओळखीचा असेल. मी वस्तीतल्या एका ताईंची गोष्ट लिहिली. नवऱ्याच्या मारहाणीला कंटाळून त्या आमच्याकडे आल्या होत्या. नाव बदललं, फोटो पाठमोरा घेतला. मला वाटलं, गुप्तता पाळली. अहवाल छापून झाला, त्याच मजकुराचं एक पत्रकही निघालं. शेजारच्या कॉलेजात जाणाऱ्या मुलीनं ते पाहिलं आणि दारावरच्या पडद्यावरून आणि साडीवरून ओळखलं. दोन दिवसांत गल्लीला कळलं, आठवड्यात त्यांच्या माहेरी कळलं. माहेरी त्यांनी काहीच सांगितलेलं नव्हतं. आजारी बापाला त्रास नको म्हणून.

त्या ऑफिसात आल्या. मला वाटलं भांडतील. त्या शांतपणे बसल्या आणि म्हणाल्या, “बाई, काय लिहिलंय ते मला वाचून दाखवा.” मी वाचलं. ‘ती ओक्साबोक्शी रडत संस्थेच्या दारात उभी राहिली. आज ती स्वावलंबी असून सन्मानाने जगत आहे.’ त्यांनी मला थांबवलं. “मी रडले नव्हते. त्या दिवशी मी आधी हजार बिड्या पुऱ्या केल्या, मग निघाले. अर्धवट सोडून आले असते तर मजुरी बुडाली असती. ते का नाही लिहिलं? आणि मी परत नवऱ्याकडंच राहायला गेले, तेही नाही लिहिलं.”

माझ्याकडे उत्तर नव्हतं. मी दोनदा चुकले होते. त्यांची गोष्ट त्यांना न विचारता बाहेर नेली. आणि नेली तीही त्यांची नव्हती, माझ्या अहवालाला लागणारी होती. आज हे मी तुम्हाला त्यांना विचारून सांगते आहे. त्या म्हणाल्या, “नाव नको. हजार बिड्या मात्र सांगा.”

आता सुमित्राताईंकडे येते. ऐंशीच्या दशकात त्या ‘स्त्रीवाणी’ या संशोधन प्रकल्पात काम करत होत्या. वस्तीतल्या बायकांकडे जायचं, त्यांचं आयुष्य त्यांच्याच तोंडून ऐकायचं आणि नोंदवायचं. त्यातून आठ दलित स्त्रियांच्या आत्मकथनांचं पुस्तक झालं. गेल ऑम्व्हेट यांनी केलेला त्याचा इंग्रजी अनुवाद ‘पॅन ऑन फायर’ या नावानं १९८८ मध्ये दिल्लीच्या इंडियन सोशल इन्स्टिट्यूटनं प्रसिद्ध केला. स्त्री-अभ्यासाच्या वर्तुळात आजही त्याचं नाव घेतलं जातं.

पण त्यांच्यापुढे एक प्रश्न उभा होता. ज्या बायका बोलल्या, त्यांच्यातल्या बहुतेकींना वाचता येत नव्हतं. संशोधन छापून होतं, ते विद्यापीठात जातं, परिसंवादात जातं, परदेशातल्या ग्रंथालयात जातं. जिनं सांगितलं तिच्या वस्तीत मात्र ते कधीच परत येत नाही. ते परत न्यायचं कसं? डोळ्यांनी पाहता येईल आणि कानांनी ऐकता येईल असं काहीतरी करून. म्हणून सिनेमा. त्यांच्या सिनेमाचा उगम हा इतका साधा, व्यवहारी आहे.

१९८५ मध्ये ‘बाई’ हा लघुपट झाला. झोपडपट्टीतल्या एका बाईच्या झगड्याची गोष्ट. त्याला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. १९८७ मध्ये ‘पाणी’ आला. १९९२ च्या ‘चकोरी’मध्ये नवऱ्यानं टाकलेली एक बाई सायकल शिकते. गोष्ट एवढीच. पण परित्यक्तांच्या प्रश्नावर ज्यांनी काम केलंय त्यांना कळेल, की टाकलेल्या बाईनं गावात सायकलवर बसून सगळ्यांच्या डोळ्यांदेखत जाणं म्हणजे काय. त्याच सुमारास तमिळनाडूत पुदुकोट्टई जिल्ह्यात साक्षरता मोहिमेतून हजारो बायका सायकल शिकत होत्या, याची मला इथे आठवण होते. स्वातंत्र्यावर भाषण न देता स्वातंत्र्य दाखवायचं कसं, ते एका सायकलनं केलं.

या लघुपटांच्या काळातच सुनील सुकथनकर त्यांच्याबरोबर आले. ते पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकलेले. पुढे दोघांनी मिळून दिग्दर्शन केलं. पटकथा मात्र बहुतेक सगळ्या सुमित्राताईंच्या. डझनभराहून अधिक पूर्ण लांबीचे चित्रपट आणि त्याखेरीज कितीतरी लघुपट.

इथे थोडं पटकथा या प्रकाराविषयी बोलते, कारण आपल्या कामाशी त्याचा जवळचा संबंध आहे असं मला वाटतं. पटकथेत ‘तिला फार दुःख झालं’ असं लिहून चालत नाही. कॅमेऱ्याला दुःख दिसत नाही. त्याला हात दिसतात, दार दिसतं, चूल दिसते. म्हणून लिहिणारीला विचारावं लागतं, तेव्हा ती काय करत होती? कुठे बसली होती? आधी कोण बोललं? त्यानंतर ती गप्प बसली की उठून गेली? आता आपला केस पेपर आठवा. ‘पती व्यसनी. सासूचा छळ. उत्पन्नाचे साधन नाही.’ सोलापुरात बिड्या वळणाऱ्या बाईच्या कागदावर मी स्वतः ‘उत्पन्नाचे साधन नाही’ असं लिहिलेलं आहे, कारण मजुरी नवरा उचलत होता! ती तेंदूपानं घरी आणते, भिजवते, कापते, वळते. कारखान्यात माल दिल्यावर त्यातली छाट बाजूला काढली जाते, ती तिच्या माथी बसते. हे सगळं माझ्या एका ओळीत गडप झालं. पटकथेच्या शिस्तीनं पाहिलं असतं, तर हात दिसले असते. हात दिसले असते, तर कमावणारी दिसली असती. कोर्टातसुद्धा त्यानं फरक पडला असता.

एम.एस.डब्ल्यू.ला असताना आम्हाला ‘उंबरठा’ दाखवला होता. १९८२ चा, जब्बार पटेलांचा. शांता निसळ यांच्या ‘बेघर’ कादंबरीवरून विजय तेंडुलकरांनी पटकथा लिहिली होती. स्मिता पाटीलची सुलभा महाजन महिलाश्रमाची अधीक्षक म्हणून जाते, आणि आमच्यापैकी निम्म्या मुलींनी त्या दिवशी ठरवलं, आपल्याला असंच व्हायचं. तो चित्रपट मोठाच आहे. पण त्यात नायिका म्हणजे समाजसेविका. आश्रमातल्या बायका तिच्याभोवती. सुमित्राताईंच्या लेखनात समाजसेविका बहुतेक वेळा बाजूला झालेली असते. मध्यभागी ती बाई असते, जिच्याकडे आपण फाइल घेऊन जातो.

१९९५ चा ‘दोघी’ पाहा. दुष्काळी गावातल्या दोन बहिणी, गौरी आणि कृष्णा. रेणुका दफ्तरदार आणि सोनाली कुलकर्णी. गौरीच्या लग्नाच्या दिवशीच अपघात होतो आणि नवरा मुलगा जातो. गाव तिला अपशकुनी ठरवतं. बाप अंथरुणाला खिळतो, घरात खायला नाही. मामा गौरीला मुंबईला नेतो, आणि ती देहविक्रयाच्या बाजारात पोचते. तिचे पैसे घरी येतात, घर उभं राहतं. आणि धाकटीच्या लग्नाला गौरी येते, तेव्हा तिच्याच पैशांवर उभ्या राहिलेल्या त्या घरात तिला जागा नसते. इतर सामाजिक प्रश्नांवरील उत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार या चित्रपटाला मिळाला.

आम्ही वस्तीत तो प्रोजेक्टरवर दाखवला. निम्म्याहून जास्त बायका घरी तेलुगू बोलणाऱ्या. उत्तरा बावकरांनी केलेली आई पाहून एक तरुण मुलगी चिडली. “आईला सगळं ठाऊक होतं, तरी पैसे घेतले.” त्यावर एक म्हातारी म्हणाली, “घेतले. तू उपाशी राहिलीस का कधी चार दिवस?” मग अर्धा तास वाद झाला. मी एक शब्द बोलले नाही. व्यापार, दारिद्र्य, पितृसत्ता यांवर मी त्या वस्तीत चार व्याख्यानं दिली असतील. त्या अर्ध्या तासाची सर एकालाही नव्हती. आई वाईट आहे असं लेखिकेनं लिहिलं असतं, तर तो वाद झाला नसता. आई बिचारी आहे असं लिहिलं असतं, तरी झाला नसता. त्यांनी निकाल दिला नाही, तो बायकांवर सोपवला.

त्यांच्या पुढच्या चित्रपटांचे विषय पाहिले, तर आपल्या ओ.पी.डी.ची यादी वाटेल. ‘जिंदगी जिंदाबाद’मध्ये एड्स. ‘दहावी फ’मध्ये शाळेनं शेवटच्या तुकडीत टाकलेली मुलं, आणि त्यांचे शिक्षक झालेले अतुल कुलकर्णी, आपल्या सोलापूरचे. २००४ च्या ‘देवराई’त स्किझोफ्रेनिया, आणि आजारी माणसाला सांभाळणाऱ्या बहिणीची दमछाक. ‘नितळ’मध्ये अंगावर कोड असलेली मुलगी. ‘एक कप च्या’मध्ये अवाच्या सवा आलेलं विजेचं बिल आणि माहितीचा अधिकार वापरणारा बस कंडक्टर. ‘कासव’मध्ये नैराश्य. ‘वेलकम होम’मध्ये नवऱ्याचं घर सोडून आलेली बाई, जिला प्रश्न पडतो की माझं घर नेमकं कोणतं. यातला एकही विषय बाजारात खपणारा नव्हता. ‘देवराई’साठी कॅनडात स्थायिक झालेले डॉ. जगन्नाथ वाणी उभे राहिले, कारण स्किझोफ्रेनियाच्या कामात ते स्वतः होते. २०१६ च्या ‘कासव’ला देशातल्या सर्वोत्कृष्ट चित्रपटाचं सुवर्णकमळ मिळालं. ‘श्यामची आई’, ‘श्वास’, ‘देऊळ’, ‘कोर्ट’ यांच्यानंतर हा मान मिळवणारा तो पाचवा मराठी चित्रपट. तेव्हा सुमित्राताई ७४ वर्षांच्या होत्या.

सोलापूरकर म्हणून मला सगळ्यात जवळचा आहे तो ‘अस्तु’. संस्कृतचे एक विद्वान, मोहन आगाशे, स्मृतिभ्रंशानं हरवतात. रस्त्यात हत्ती दिसतो आणि ते त्याच्या मागे चालू लागतात. त्यांना सांभाळते ती माहुताची बायको, चन्नम्मा. ती कानडी बोलते. म्हातारा तिला आई म्हणतो, आणि ती लेकरासारखं त्याचं करते. तिच्या तोंडी शुद्ध मराठी घालणं सोपं होतं. तिची कानडी तिच्याकडेच ठेवली. या चित्रपटासाठी सुमित्राताईंना संवादलेखनाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, आणि चन्नम्मा करणाऱ्या अमृता सुभाषलाही मिळाला.

आपल्या शहरात काय होतं? बाई तेलुगूत किंवा कानडीत रडते, भांडते, विनोदही करते. आपण तिला म्हणतो, मराठीत सांगा. ती मोडक्या मराठीत सांगते. आपण ते कार्यालयीन मराठीत लिहितो. मग देणगीदारासाठी त्याचं इंग्रजी होतं. चौथ्या पायरीवर पोचेपर्यंत ती बाई शिल्लकच राहत नाही. राहते ती ‘पीडित महिला, वय ३२’.

आता एक अवघड गोष्ट बोलते, कारण आपल्या शिबिरात नुसता गौरव करायची पद्धत नाही. सुमित्राताई पुण्याच्या सुशिक्षित वर्गातून आलेल्या. आठ दलित स्त्रियांनी आपलं आयुष्य सांगितलं, पण पुस्तकावर लेखिका म्हणून नाव त्यांचं आलं. पुढे त्यांच्या बऱ्याच पटकथा मध्यमवर्गीय घरांकडे वळल्या. ‘वास्तुपुरुष’ काय, ‘संहिता’ काय, वाडे आणि बंगले तिथे दिसतात. हा दोष आहे का? मला वाटतं, हा प्रश्न आपण विचारलाच पाहिजे, आणि आधी स्वतःला विचारला पाहिजे. कुणाची गोष्ट कुणी सांगायची? आपल्याच जिल्ह्यात करमाळा तालुक्यातल्या जेऊरचे नागराज मंजुळे उभे राहिले. २०१३ मध्ये ‘फँड्री’ आणि २०१६ मध्ये ‘सैराट’ त्यांनी लिहिला, आणि जे बाहेरच्याला कधीच दिसलं नसतं ते दिसलं. तरीही मी म्हणेन, की ऐकणाऱ्याची जागा संपलेली नाही. दुसऱ्याचं ऐकून लिहिणारीनं निदान तीन गोष्टी पाळाव्यात. निकाल देऊ नये. तिची भाषा तिच्याकडे ठेवावी. आणि लिहिलेलं तिच्यापर्यंत परत न्यावं. सुमित्राताईंनी सुरुवातच तिसऱ्या गोष्टीपासून केली होती.

शेवटचा चित्रपट ‘दिठी’. दि. बा. मोकाशींच्या कथेवरून त्यांनी पटकथा लिहिली, दिग्दर्शन एकटीनं केलं. वर्षानुवर्षं पंढरीची वारी करणारा एक लोहार. त्याचा तरुण मुलगा पुरात जातो. जन्मभर जप केलेला विठ्ठल आता त्याला समजेनासा होतो. आणि अशा वेळी एक अडलेली गाय सोडवायला त्याला बोलावणं येतं. आपण पंढरपूरच्या जिल्ह्यातल्या बाया, आपल्याला हे समजावून सांगायला नको. २०२१ च्या मे महिन्यात तो प्रदर्शित झाला. सुमित्राताई गेल्या त्याला तेव्हा जेमतेम महिना झाला होता. मी तो फोनवर पाहिला. त्या महिन्यात वस्तीतल्या तीन घरांत मी सांत्वनाला गेले होते आणि तिन्ही ठिकाणी मला बोलायला शब्द सापडले नव्हते. त्या लोहाराला कुणी उपदेश करत नाही. त्याच्या हाताला काम दिलं जातं. ते पाहून मी पुन्हा त्या घरांत गेले, आणि या वेळी गप्प बसून भाजी निवडली.

त्या हजार बिड्यावाल्या ताईंचं काय झालं, असं तुम्ही विचाराल. त्या अजून त्याच घरात आहेत. मजुरी आता त्यांच्या बँक खात्यात येते, आणि पासबुक त्यांच्याकडे असतं. मारहाण थांबली का? कमी झाली, थांबलेली नाही. कौटुंबिक हिंसाचार कायद्याखाली अर्ज करायचा की नाही, ते त्या ठरवतील. ही यशोगाथा नाही. पण हे सगळं मी त्यांना वाचून दाखवलेलं आहे.

आता आम्ही महिन्यातून एकदा वस्तीत बसतो. एक सांगते, दुसरी लिहून घेते, ज्या भाषेत सांगितलं त्याच भाषेत. मग सगळ्यांसमोर मोठ्यानं वाचायचं. जिची गोष्ट, ती म्हणेल ते खोडायचं, ती म्हणेल ते घालायचं. बाहेर काय जाईल आणि काय जाणार नाही, ते तीच सांगणार. वहीला बिडीच्या तंबाखूचा वास येतो. पहिल्या वहीत अकरा बायका आहेत. लिहून घेणाऱ्यांमध्ये ती कॉलेजची मुलगीही आहे, जिनं दारावरचा पडदा ओळखला होता.

परत गेल्यावर आपापल्या ऑफिसातली एक फाइल काढा. जिची आहे तिच्याकडे जा, तिच्या भाषेत तिला वाचून दाखवा, आणि ती काय म्हणते ते ऐका. पुढच्या शिबिरात आपण त्यावर बोलू.